शालिनी सिस्टर व जोडीदार

अन्याय झाला तो बोडिल हेडेलुंड यांच्यावर. २००१ सालच्या फेब्रुवारीत, शुक्रवारी, संध्याकाळी पाच वाजून दहा मिनिटांनी. जागा : कुवेतमधल्या हवल्लीतल्या शाळेचा हॉल, जो आपलं मंडळ दर हिवाळ्यात क्रीडामहोत्सवासाठी भाड्याने घेतं. साक्षीदार : प्लॅस्टिकच्या खुर्च्यांवर बसून समोसे खाणारे तुम्ही सगळे. आणि मी. मी पंधरा वर्षांची होते आणि माझा तिसरा समोसा चालू होता. हेही लिहून ठेवते, म्हणजे नंतर कुणी म्हणायला नको की ही स्वतःला वगळते.

आपले सेक्रेटरी पाटणकरकाका माइकवर आले. "महिला दुहेरी. विजेत्या, शालिनी सिस्टर..." इथे त्यांनी हातातल्या वहीत पाहिलं. चष्मा वर केला, खाली केला. "...आणि जोडीदार."

टाळ्या पडल्या. पुढे विजेत्यांच्या फलकावर तसंच रंगवलं गेलं : शालिनी सिस्टर व जोडीदार. त्याच ओळीखाली उपविजेत्या आहेत. सौ. नीलिमा श्रीकांत पाटणकर, सौ. अलका विनायक सोमण. हरलेल्यांची नावं नवऱ्यांसकट, आणि जिंकलेलीचं नावच नाही! यातल्या अलका सोमण माझी आई. तेव्हा या प्रकरणात माझा कौटुंबिक हितसंबंध आहे आणि तो विरुद्ध बाजूचा आहे, याची कृपया नोंद घ्यावी.

आता मंडळाची पंचवीस वर्षं होताहेत. फलक भिंतीवरून उतरवलाय, रंगाऱ्याकडे जायचाय. जुनं आहे तसं उतरवून घ्या, असं कमिटीत ठरलंय. म्हणजे 'व जोडीदार' पुन्हा एकदा, या वेळी सोनेरी रंगात. रंगाऱ्याचा ब्रश लागायच्या आत ते थांबलं पाहिजे, म्हणून हे लिहिते आहे.

पण ज्यांनी तिला पाहिलेलं नाही त्यांना आधी ती दाखवायला हवी.

बोडिलताई आपल्यात आली ती झाडू घेऊन. मी तेव्हा दहा वर्षांची असेन. शुक्रवारी सकाळी मंडळाचे पुरुष या हॉलमध्ये बॅडमिंटन खेळायचे आणि आम्ही मुलं कडेला उडालेली शटल गोळा करायचो. आदल्या दिवशी धुळीचं वादळ होऊन गेलं होतं. खिडक्या कितीही घट्ट लावा, ती धूळ आपल्या आधी सोफ्यावर येऊन बसलेली असते. हॉलच्या जमिनीवर पिठासारखा थर. रखवालदार, म्हणजे हारिस, नाश्त्याला गेलेला. काका मंडळी कमरेवर हात ठेवून त्याची वाट बघत उभी. पाच इंजिनियर, एक डॉक्टर, एक सीए. एवढं शिक्षण एका जागी, आणि जमीन झाडायला कुणी नाही.

तेवढ्यात दार ढकलून एक उंच, उन्हाने लालबुंद झालेली बाई आत आली. केस आखूड, पांढऱ्या-तांबड्याच्या मधले. एका खांद्याला रॅकेटची पिशवी. दुसऱ्या हातात लांब दांड्याचा झाडू, तोही घरून आणलेला. "गुड मॉर्निंग," ती म्हणाली आणि कोपऱ्यातून झाडायला लागली.

पाटणकरकाका धावले. "मॅडम, मॅडम, प्लीज! हारिस विल कम."

ती थांबली नाही. "जो खेलेगा," ती म्हणाली, "वो झाडू मारेगा."

डॅनिश बाई हिंदी बोलते या धक्क्यातून काका बाहेर यायच्या आत अर्धा हॉल झाडून झाला होता. मग तिने झाडू त्यांच्या हातात दिला. "वो साइड आपका."

आणि तेल कंपनीत ज्यांच्या सहीशिवाय व्हॉल्व्ह उघडत नाही त्या पाटणकरकाकांनी झाडलं. नेटपासून भिंतीपर्यंत. आम्ही मुलांनी टाळ्या वाजवल्या, त्या त्यांना आवडल्या नाहीत.

ही बातमी जुम्म्याच्या नमाजाच्या आत सगळ्या मराठी घरांत पोचली. पुढच्या शुक्रवारी पाटणकरकाकू स्वतः हॉलवर हजर. का, तर बघायला. "इतक्या वर्षांच्या संसारात मी यांच्या हातात झाडू पाहिला नाही. तिकीट लावलं असतं तरी आले असते," त्या म्हणाल्या. त्यांच्याबरोबर माझी आई, आईबरोबर आणखी तिघी. बोडिलताईने आल्या आल्या प्रत्येकीच्या हातात रॅकेट दिली. मंडळात बायकांचं बॅडमिंटन सुरू झालं ते असं. कुठला ठराव नाही, कुठली उपसमिती नाही. नवरा झाडताना बघायला आलेल्या बायका खेळायला थांबल्या, बस.

ती फिजिओथेरपिस्ट होती. आखाती लढाईनंतर इथल्या एका सरकारी हॉस्पिटलात आली, पाय गमावलेल्यांना पुन्हा उभं करायला. हिंदी शिकली ती वॉर्डातल्या सफाई कामगारांकडून, त्यामुळे त्यात व्याकरण कमी आणि दम जास्त. आम्हाला घरून सांगून ठेवलं होतं, आंटी म्हणा. तिने मान हलवली. "आंटी नहीं. आंटी बहुत भारी लगता." मग ताई. ते तिला चाललं. हलकं वाटलं असावं.

पण तिच्या तोंडी मराठीही होती, आणि ती कुठली होती हे कळल्यावर पुण्याच्या मंडळींना घाम फुटला. कारण मराठी ती शिकली शालिनी सिस्टरांकडून, आणि सिस्टर मालवणकडच्या.

शालिनी सिस्टर त्याच हॉस्पिटलात नर्स होत्या. एकट्या, हॉस्टेलवर राहणाऱ्या. बुटक्या, गोल, पायात ड्यूटीचे पांढरे बूट, आणि चालणं असं की घाई हा शब्दच कधी कानावर पडला नसावा. बोडिलताई त्यांना हॉलवर घेऊन आली तेव्हा सगळ्यांना वाटलं, मैत्रीण आहे, बघायला आली असेल.

"मेरा पार्टनर," बोडिलताई म्हणाली.

काकू माझ्या आईच्या कानात म्हणाल्या, "हिला वाकता तरी येतं का गं?"

सिस्टरांचंही मत तेच होतं. "माका जमाचा नाय, गो बाय. मी जल्मात रॅकेट धरूक नाय."

मग बोडिलताईने कारण सांगितलं. वॉर्डात पेशंटला पलंगावरून उचलून खुर्चीत बसवायचं असतं. दोघींनी. चादरीची दोन टोकं दोघींच्या हातात. एकीने क्षणभर आधी ओढलं तर दुसरीची पाठ जाते, आणि पेशंट ओरडतो तो वेगळाच. तिने म्हणे डझनावारी लोकांबरोबर पेशंट उचलले होते. डॉक्टर, वॉर्डबॉय, पहिलवानासारखे तगडे लोक. सगळे ओढतात. एकटी शालिनी अशी, जी आधी समोरच्याकडे बघते, मग आकडे मोजते, मग उचलते. "हाथ सब का होता है," बोडिलताई म्हणाली. "आँख सब का नहीं होता." आणि जी पेशंट उचलू शकते तिला डबल्स शिकवता येतं, बाकीचं सगळं फक्त पाय आहेत, आणि पायांचं काम आपल्याकडे असतंच, असं तिने जाहीर केलं.

डबल्समध्ये दोघींच्या मधोमध शटल आलं की हाक द्यावी लागते. घेणार कोण? बोडिलताईने सिस्टरांना विचारलं, तुझ्या गावी कसं म्हणतात? सिस्टर म्हणाल्या, माका आणि तुका. मला आणि तुला. झालं! त्या दिवसापासून हवल्लीच्या हॉलमध्ये "माका!" आणि "तुका!" घुमायला लागलं. बोडिलताईच्या तोंडून "माका" क्वचित निघायचं. "तुका" मात्र दर मिनिटाला.

मुलांचे वर्ग सुरू झाले तेव्हा हे आम्हालाही लागलं. आम्ही पोरं घरी इंग्लिश बोलायचो. आईने मराठीत जेवायला हाक मारली तर "कमिंग" म्हणायचो. तीच पोरं कोर्टवर "तुका, तुका, मेल्या!" ओरडायला लागली. कारण मेल्यासुद्धा तिने उचललं होतं, फार मायेने. कुणाचं लक्ष कडेला बसलेल्या आईकडे गेलं की तिची हाक यायची, "मेल्या, खंय बघतंस? शटल बघ. मम्मी नंतर बघ."

एका आईने तक्रार केली की आम्ही मुलाला शुद्ध मराठी शिकवायचा प्रयत्न करतोय. बोडिलताईने मनापासून विचारलं, "घर में मराठी बोलता है?" बाई मुलाच्या बुटाची नाडी बांधायला लागली. "यहाँ बोलता है," ती म्हणाली. विषय संपला.

तिच्या वर्गाचे कायदे विचित्र होते. पहिला महिनाभर स्मॅश मारायचा नाही. सगळ्यात चांगल्या खेळाडूला सगळ्यात कच्चा जोडीदार. आणि पॉइंट गेला की दोघांनी हातावर हात द्यायचा. पॉइंट मिळाला तर दिला नाही तरी चालेल. गेला की मात्र दिलाच पाहिजे. आम्ही उलट करायचो. पॉइंट गेला की एकमेकांकडे असं बघायचो जणू समोरच्याने घरातली कपबशी फोडली. तसं बघितलं की ती खेळ थांबवायची. "हाथ," म्हणायची. हात दिल्याशिवाय पुढची सर्व्हिस नाही. एकदा मी आणि नाशिकच्या इंजिनियरांचा मुलगा रुसून पाच मिनिटं उभे राहिलो. ती कोर्टाच्या मधोमध मांडी घालून बसली आणि डब्यातली काकडी खायला लागली. सगळी संपवली. शेवटी आम्ही हात दिले.

त्याच मुलाचे वडील एकदा म्हणाले, "मॅडम, माझ्या मुलाला सिंगल्स शिकवा. डबल्सला करियर नाही."

"सिंगल्स में," ती म्हणाली, "बात करने को कोई नहीं होता."

तिचं स्वतःचं करियर डबल्सचंच. जटलंड नावाच्या भागात, समुद्राकडेच्या एका लहान गावात तिचा क्लब होता. तिथे हॉलची किल्ली सभासदांकडे असते, खेळून झाल्यावर झाडायची पाळी असते, कॉफी करायची पाळी असते. आजोबा आणि नातू एकाच हॉलमध्ये. झाडू कुठून आला ते आता तुमच्या लक्षात आलं असेल. तिथून ती देशाच्या संघात गेली आणि दहा-बारा वर्षं खेळली. नेहमी डबल्स, नेहमी नेटजवळ. मागे जी असायची, लिस नावाची, ती उंच उडी मारून स्मॅश मारायची. टाळ्या तिला, फोटो तिचे. बोडिलताईचं काम त्याच्या आधीचं. नेटजवळ असं काहीतरी करायचं की समोरच्यांना शटल उंच उचलावंच लागेल. ते उचलायचे, लिस मारायची.

तिच्या पाकिटात एका डॅनिश वर्तमानपत्राचं कात्रण होतं, घड्या पडून मऊ झालेलं. हवेत लिस, दात दिसताहेत, रॅकेट आडवी. डाव्या कडेला एक कोपर. फोटो तिथे कापलेला.

"ये मेरा कोहनी," ती अभिमानाने दाखवायची. "बहुत अच्छा कोहनी आया है."

मला तेव्हाही राग यायचा. खाली तुझं नाव तरी आहे का, मी विचारलं. तिने वाचून दाखवलं : लिस अमुक, उपांत्य फेरीत जोडीदारासह विजयी. आणि हसायला लागली. मला कळेना यात हसण्यासारखं काय आहे. अजून कळत नाही.

पुढे लिसचा गुडघा गेला. लिस रडत बसली, तर ही फिजिओथेरपी शिकायला गेली. खेळता खेळता शिकली. लिसचा गुडघा दोन वर्षं तिने स्वतःच्या हातांनी सरळ केला. लिस उभी राहिली, पळायला लागली, आणि एका तरुण मुलीबरोबर जोडी करून तिने ती मोठी स्पर्धा जिंकली जी या दोघी कधीच जिंकल्या नव्हत्या.

"तुला वाईट नाही वाटलं?" माझ्या आईने विचारलं.

"क्यों? घुटना मेरा था," बोडिलताई म्हणाली.

आता त्या शुक्रवाराकडे येते.

त्या वर्षापर्यंत क्रीडामहोत्सवात महिला दुहेरी म्हणजे लिंबू-चमचा आणि संगीत खुर्चीच्या मधली गंमत. एकच गेम, तोही अर्धा. बोडिलताईने आईला आणि काकूंना पुढे घातलं आणि कमिटीकडून पुरुषांसारखे पूर्ण तीन गेम मिळवले. म्हणजे ज्या दोघी तिच्या विरुद्ध फायनल खेळणार होत्या, त्यांच्याचकरवी. दोघींना खेळायला शिकवलेलंही तिनेच.

आई आणि काकूंनी स्वयंपाकघरात बसून डावपेच ठरवला. तो फार सोपा होता. सगळी शटल सिस्टरांकडे. बोडिलकडे एकही नाही. डबल्समध्ये सगळं जग हेच करतं, कच्च्या बाजूला मारायचं. सगळ्यांची समजूत अशी की मग बोडिलताई धावून धावून जोडीदारणीचीही शटल घेईल. तिला काय अवघड आहे? देशाकडून खेळलेली बाई.

तिने घेतली नाहीत. एकही नाही. "तुका!" म्हणायची आणि आपल्या जागी थांबायची. सिस्टर मारायच्या, शटल नेटमध्ये. हात. पुन्हा "तुका!", पुन्हा नेट. हात. पहिला गेम आई आणि काकूंनी घेतला. हॉल चवताळला. "मॅडम, तुम्ही घ्या ना!" हे खुद्द पाटणकरकाका, ज्यांची बायको समोर जिंकत होती. "अहो, शटल सोडताय काय!"

मी पाण्याच्या बाटल्या देत होते म्हणून पुढचं ऐकलं. सिस्टरांच्या डोळ्यांत पाणी. "तूच खेळ गो. माझी लाज निघता हंय."

"वो दाढीवाला पेशंट याद है?" बोडिलताईने विचारलं. "एक सौ तीस किलो?"

सिस्टरांना हसू फुटलं. "तेका उचलूक चार जणां लागली होती."

"नहीं. दोन. तू आणि मी. दो लोग बाजू में खड़ा था, वो सिर्फ डरता था."

दुसऱ्या गेमला सिस्टर मोजायला लागल्या. मोठ्याने. एक, शटल आलं. दोन, रॅकेट मागे. तीन, मारलं. वॉर्डात मोजायच्या तसंच, त्याच शांत आवाजात. आणि ती बाई मोजायला लागली की घाबरत नाही, हे मी डोळ्यांनी पाहिलं. मधे आलेल्या एका शटलवर तर अख्ख्या हॉलला ऐकू जाईल असं त्या ओरडल्या, "माका!" बोडिलताई बाजूला झाली. तिचा चेहरा असा होता की जणू सण आहे.

दुसरा गेम त्यांचा. तिसऱ्यात बरोबरीने चाललं, आणि शेवटचा पॉइंट सिस्टरांनी घेतला. स्मॅश नाही. नेटवरून हळूच, दमलेल्या माणसासारखं पलीकडे उतरलेलं शटल. माझी आई ते घ्यायला झेपावली आणि पोटावर पडली. पडल्या पडल्या हसायला लागली. काकू कोर्टात फतकल मारून बसल्या आणि म्हणाल्या, "मेली मोजून मारते हो!"

मग ओटी भरली. हे मुद्दाम सांगते, कारण नंतर कुणी म्हणायला नको की मंडळाने तिच्यावर प्रेम केलं नाही. केलं ना! काकूंनी दोघींना खुर्चीत बसवलं, खण दिला, नारळ दिला, हळदकुंकू लावलं. बोडिलताईने खण डोक्याला बांधला, सिस्टरांनी तो सोडवून तिच्या मांडीवर ठेवला. जिलब्या भरवल्या. तिघींनी एकदम. फोटो निघाले. एका कुवेती शाळेच्या हॉलमध्ये डॅनिश बाईची ओटी. अशी माया मी जगात कुठे पाहिली नाही.

आणि लगेच पाच वाजून दहा मिनिटं झाली. "आणि जोडीदार."

ओटी भरता येते, नाव लिहिता येत नाही. हे फक्त आपल्याला जमतं!

यंदा सुट्टीत कुवेतला आले तेव्हा तो फलक पाटणकरकाकांच्या घरी भिंतीला टेकवून ठेवलेला दिसला. मी ज्या संघटनेत काम करते तिथे पत्रकं छापायची आणि दारोदार वाटायची मला सवय लागली आहे, त्यामुळे तोंड बंद राहिलं नाही.

"काका, हिचं नाव का नाही?"

"अगं, नोंदवहीत तीन रकाने. नाव, मूळ गाव, कुटुंबाचा सभासद-कार्ड नंबर. कार्ड नंबर नसेल तर नाव चढत नाही. सिस्टरांनाही कार्ड नव्हतं, पण आपल्या मालवणच्या म्हणून हाकेचं नाव तेवढं चढवलं. नियम आहे."

"नियम कुणी केला?"

"मीच," काका म्हणाले. खोटं बोलायचा स्वभाव नाही त्यांचा. दर शुक्रवारी आम्हा पोरांना स्वतःच्या गाडीत कोंबून हॉलवर नेणारा तो माणूस. "उद्या कुणीही येईल गं. सगळं जग येईल."

"जग आलं होतं, काका. तुमच्या हातात झाडू देऊन गेलं."

काकू आतून हसल्या. काका म्हणाले, "सर्वसाधारण सभेत विषय आण. मतदानाला टाकतो. बहुमत झालं तर मीच ब्रश धरेन."

मी जिंकल्याच्या आनंदात त्याच दुपारी बोडिलताईला डेन्मार्कला फोन लावला. तिचं नाव लावण्यासाठी मी लढतेय, हे तिला सांगायचं होतं. तिने सगळं ऐकून घेतलं.

"फलक पे शालिनी का क्या लिखा है?" तिने विचारलं.

"शालिनी सिस्टर."

"सिस्टर उसका नाम है?"

मग तिने जे सांगितलं ते तिने इतकी वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं. सिस्टरांनी फलकाचा फोटो काढून घरी वडिलांना पाठवला होता. मुलगी जिंकली म्हणून. त्यांचं पत्र आलं. ह्या बोर्डार तुझा नाव खंय आसा? सिस्टरांनी ते पत्र तिला वाचून दाखवलं, घडी घालून ठेवलं आणि ड्यूटीवर गेल्या. परत कधी विषय काढला नाही.

"मेरा नाम छोड़ो," बोडिलताई म्हणाली. "मेरा कोहनी आ चुका है. पहले उसका लिखो."

मी आईकडे गेले. "शालिनी सिस्टरांचं आडनाव काय?" आई विचार करायला लागली. तिच्या फोनच्या डायरीत होतं, शालिनी सि. काकूंना विचारलं. त्यांना माहीत नाही. पाच-सहा वर्षं ज्या बाईने आमच्या घरी बसून आंबोळ्या घातल्या, जी माझ्या तापात उशाशी बसली, तिचं आडनाव दोन्ही घरांत कुणाला माहीत नव्हतं. आणि मी? या लेखाची पहिली ओळ वर जाऊन वाचा. अन्याय झाला तो कुणावर, मी एकच नाव लिहिलंय. मुद्दाम तशीच ठेवली आहे.

बोडिलताईला मी शेवटचं पाहिलं ते विमानतळावर, तीन वर्षांपूर्वी, ती कायमची परत गेली तेव्हा, भर दुपारी. आम्ही सगळे सोडायला गेलो होतो. गळाभेटी झाल्या, सिस्टर रडल्या, ती अडसरापलीकडे गेली. रांगेत तिच्यापुढे जलीबच्या कामगारवस्तीतला एक माणूस होता, गावी निघालेला, दोरीने बांधलेला टीव्हीचा भला मोठा खोका पायाने पुढे ढकलत. रांग सरकली. तिने आपली बॅग खांद्याला अडकवली, वाकून खोक्याचं एक टोक धरलं आणि त्याच्याकडे बघत थांबली. तो गोंधळला. मग त्याने दुसरं टोक धरलं. दोघांनी एकदम उचललं. काउंटरपाशी पोचल्यावर ती आमच्याकडे वळून हात हलवणार होती, तसं ठरलं होतं. पण तिचे दोन्ही हात अडकलेले होते. ती त्या माणसाशी काहीतरी बोलत होती आणि तो हसत होता.

आता तुमच्याकडे येते.

येत्या सर्वसाधारण सभेत हा विषय मतदानाला आहे. एका कार्डाला एक मत. ते मत दर वर्षी नवरा देतो आणि बायको चहा बघते. या वेळी चहा नवऱ्याला बघू द्या. ज्या नर्सेसकडे कार्ड नाही त्यांनीही या, मत नसलं तरी आवाज आहे, पहिल्या रांगेत बसा. आणि येताना कागदावर दोन नावं लिहून आणा, अशी, याच क्रमाने, एकही अक्षर न गाळता :

शालिनी यशवंत मयेकर. बोडिल हेडेलुंड.

मयेकर हे मी त्यांना फोन करून, माफी मागून विचारून घेतलं आहे. तुम्हाला विचारायची गरज नाही. तुम्ही फक्त हात वर करा, आणि रंगारी ही दोन नावं रंगवून पुरी करेपर्यंत त्याच्या मागून हलू नका.